मला लागलीच नाही!

शनिवारी जेवणं आटोपली, आईला डुलकी लागली, म्हणून मी घाईघाईने मोबाईलचा आवाज बंद केला. मग लक्षात आलं, लावलेला चित्रपट १९०३ सालचा. मुकाच.

'द ग्रेट ट्रेन रॉबरी'. जेमतेम बारा मिनिटांचा. दरोडेखोर तारमास्तरला बांधून घालतात, गाडी लुटतात, घोड्यांवरून पसार होतात आणि झाडीत गाठून मारले जातात. मधेच तारमास्तरची चिमुरडी येते, दोऱ्या सोडते, बापाच्या तोंडावर पाणी मारते. इंजिनावरच्या मारामारीत तर माणसाच्या जागी चक्क बाहुला येतो आणि तोच खाली भिरकावला जातो.

माझं लक्ष मात्र मरणाऱ्यांकडे. हात वर करून उभ्या प्रवाशांतला एकजण पळायला बघतो, गोळी लागते, आणि तो असा काही हात फेकून पडतो की मला आमच्या वाड्याचं अंगणच आठवलं. दिवाळी, टिकल्यांची पिस्तुलं. मारायला सगळे तयार, मरायला कोणी नाही. एकच पोरगा मनापासून मरायचा. छातीवर हात, दोन गिरक्या, तुळशीवृंदावनाला धरत धरत खाली, मग पाय झाडणं. टिकली फुसकी निघाली तरी मरायचा बिचारा. मी? "मला लागलीच नाही!" म्हणून कायम भांडायचो.

तो पडणारा प्रवासी म्हणजे गिल्बर्ट अँडरसन. त्याच चित्रपटात तो दरोडेखोरही आहे. घोड्यावर धड बसता येत नव्हतं म्हणतात, आणि पुढे हाच 'ब्रॉन्को बिली' होऊन काउबॉयपटांचा नायक झाला! ती अमेरिकेच्या रानटी 'वेस्ट'ची, म्हणजे पश्चिमेची झाडीसुद्धा न्यू जर्सीतली, न्यूयॉर्कला खेटून. म्हणजे अंगणच की.

खऱ्या बंदूकबाजाचं काय झालं? अमेरिकेतल्या टूमस्टोन गावच्या १८८१ च्या गाजलेल्या गोळीबारातून ओरखडाही न उठता सुटलेला कायद्याचा रखवालदार वायट अर्प ऐंशीचा होऊन १९२९ साली लॉस एंजेलिसमध्ये, घरीच वारला. त्याला खांदा देणाऱ्यांत विल्यम हार्ट आणि टॉम मिक्स होते. दोघेही पडद्यावरचे काउबॉय.

चित्रपट संपतो तेव्हा मिशाळ म्होरक्या थेट आपल्याकडे रोखून बघतो आणि गोळ्या झाडत सुटतो. धूर नुसता. आवाज नाही.

आई कूस बदलत म्हणाली, "पंखा जरा कमी कर रे."