घरी शिजवलेला पोर्क अडोबो

फिलिपिन्समधील अडोबो करताना मसाल्यांची गर्दी अजिबात लागत नाही. व्हिनेगर, सोया सॉस, भरपूर लसूण, अख्खे काळे मिरे आणि तमालपत्र एवढ्यावरच त्याची सगळी चव उभी असते. डुकराच्या पोटाकडचे, चरबीचे थर असलेले मांस मी आवर्जून निवडते, कारण मंद आचेवर तास-सव्वा तास शिजूनही ते कोरडे पडत नाही. व्हिनेगर घातल्यावर त्याचा नाकात झोंबणारा उग्र वास ओसरेपर्यंत भांड्यात डाव घालायचा नाही, हा तिकडच्या स्वयंपाकघरांतला जुना दंडक मी निष्ठेने पाळते.

मांस मऊ झाले की तुकडे बाहेर काढून सुटलेल्या चरबीत कडेने तांबूस होईपर्यंत परतावेत आणि तोवर उरलेला रस आटू द्यावा. तो काळसर, तकतकीत होऊन चमच्याला धरू लागला की तुकडे पुन्हा त्यात घोळवावेत. ही पायरी कोणी गाळू नये, असे मला मनापासून वाटते.

सोया सॉस चिनी व्यापाऱ्यांमुळे तिकडे रुळला. त्याच्याशिवाय, नुसत्या मीठ-व्हिनेगरमध्ये शिजवलेला पांढरा अडोबो आजही केला जातो. बिकोल भागात नारळाचे दूध, तर बातांगासमध्ये हळद घालतात. उष्ण, दमट हवेत मांस टिकावे म्हणून व्हिनेगर आवश्यकच होते, आणि त्यामुळेच मुरलेला अडोबो दुसऱ्या दिवशी साध्या भाताबरोबर अधिक रुचकर लागतो.