टायगर कवडशामागे का धावतो

आमच्या मांगराच्या, म्हणजे वाडीतल्या खोपटाच्या, छपरात एक काचेचं कौल आहे. सकाळी त्यातून उन्हाचा कवडसा सारवलेल्या जमिनीवर पडतो आणि दुपारपर्यंत सरकत भिंतीवर चढतो. आमचा कुत्रा टायगर आला तेव्हा त्या कवडशावर डोळे लावून बसायचा. मग झडप, मग पंजांनी उकरणं, परत बसणं. बाजूला सुकट घातलेला भात गार होऊन जायचा, वास घ्यायलाही उठायचा नाही. ऊन सरलं की स्वतःच्या शेपटीमागे गरगर फिरणं सुरू. नखं झिजली होती, शेपटीच्या टोकाला जखम होती.

तो जर्मन शेफर्ड आणि गावठी यांचा मिश्र. पुण्यातल्या भाच्याने घर बदललं आणि 'गावाला मोकळा राहील' म्हणून त्याला देवगडला आमच्याकडे आणून सोडलं. मोकळा कसला? वाडीला लागून रस्ता, त्यावरून चिऱ्याचे डंपर. दिवसभर साखळीलाच.

"खेळता हा तो," तात्या म्हणाले. पलीकडच्या काकींनी "त्येका देवचार दिसता", म्हणजे त्याला भूत दिसतं, म्हणून नारळ ठेवायला सांगितला. नारळ ठेवला आणि त्याच दिवशी त्याला जनावरांच्या डॉक्टरांकडे नेलं.

डॉक्टरांनी आधी स्वभावाबद्दल काहीच विचारलं नाही. गोचिडी बघितल्या, शेपटीखालच्या ग्रंथी, कमरेचे सांधे, कान, पाठीचा कणा. मला हे फार पटलं. शेपटीमागे फिरणाऱ्या कुत्र्याला तिथे खरंच दुखत किंवा खाजत असू शकतं. नसलेल्या माश्या हवेत पकडणारा कुत्रा फिटच्या सौम्य प्रकारातून जात असू शकतो. लादी, भिंत, चादर सतत चाटणाऱ्यांपैकी बऱ्याच कुत्र्यांत मूळ दुखणं पोटाचं निघतं. काकींनी सांगितलेल्या देवचाराचा उलगडा कित्येकदा असा शरीरात सापडतो.

टायगरच्या शरीरात तसं काही मिळालं नाही. मग डॉक्टरांनी समजावलं ते माझ्या शब्दांत सांगते. पाठलाग करणं, चाटणं, फिरणं हे कुत्र्याचं नेहमीचंच वागणं. पण अंगात धावायची ओढ आणि गळ्यात साखळी, अशी कोंडी रोज झाली की ती ओढ भलत्याच गोष्टीवर निघते. सुरुवातीला त्याला कारण लागतं. पुढे कारण नसतानाही ते सुरू होतं आणि हाक मारली तरी थांबत नाही. खाणं, झोप, माणसं यांच्या आड यायला लागलं की तो खेळ उरत नाही. यात रक्ताचाही वाटा असतो. शेपटीमागे फिरणं जर्मन शेफर्ड आणि बुल टेरियरमध्ये जास्त दिसतं, आणि स्वतःची कूस चोखत बसणाऱ्या डॉबरमनमध्ये 2010 साली अमेरिकेतल्या संशोधकांना सातव्या गुणसूत्रावरच्या एका जनुकाशी संबंध आढळला. फिनलंडमधल्या 2012 च्या अभ्यासात शेपटीमागे फिरणारी कुत्री इतर कुत्र्यांपेक्षा आईपासून लवकर तोडलेली आढळली. टायगरला पिल्लू असताना आईपासून कधी उचललं, हे भाच्याला विचारलं तर त्याला ठाऊक नव्हतं.

गळ्यात प्लॅस्टिकचा कोन घातला की जखम भरते, पण ओढ जात नाही. म्हणून आम्ही दिवसच बदलला. काचेच्या कौलावर माडाच्या झावळीचा झाप टाकला. वाडीच्या वरच्या अंगाला जुना गडगा, म्हणजे दगडी कुंपण होतं, त्याची पडलेली बाजू चिरे रचून उंच केली, तेवढ्यात तो आता सुटा असतो. खाणं ताटात देत नाही, नारळाच्या सुक्या सोडणांच्या (सालींच्या) ढिगात विखरून टाकते. नाकाने हुंगून काढता काढता त्याचा अर्धा तास जातो आणि नंतर तो गाढ झोपतो. किनाऱ्यावर उजाडायच्या आत नेते, कारण ऊन वर आलं की ओल्या वाळूची चकाकी त्याला परत त्याच नादात ओढते. ओहोटीला कुर्ल्यांची बिळं हुंगणं हे त्याचं सगळ्यात लाडकं काम.

फिरायला लागला तर मी ओरडत नाही, जवळही धावत नाही. ओरडण्याने तो आणखी बावरतो, आणि हसून बघत राहिलं तर तेही त्याला लक्षच वाटतं. लांबून, शांतपणे, सोडणांच्या ढिगाकडे हाक मारते.

एवढ्यावर भागलं नाही, म्हणून डॉक्टरांनी फ्लुओक्सेटिन सुरू केलं, माणसांना नैराश्यावर देतात तेच. कुत्र्यांच्या अशा वागण्यावर या प्रकारची औषधं चालतात हे 1992 पासून अभ्यासांत दिसलेलं आहे. गुण यायला काही आठवडे लागतात. मात्रा डॉक्टरच ठरवतात, आणि गोळी अचानक बंद करायची नाही. घरातल्या कुणाच्या गोळ्या त्याला देणं तर धोक्याचंच.

पावसाच्या झडीत, दिवसच्या दिवस पडवीत बसावं लागलं की फिरणं अजूनही डोकं वर काढतं. तेव्हा मी मोबाईलवर चित्रीकरण करून वेळ लिहून ठेवते: आधी काय घडलं, किती वेळ चाललं, हाकेला थांबला का. दवाखान्यात कुत्रा घाबरून गप्प बसतो, तिथे ही चित्रफीतच कामाला येते. तुमच्याकडे असं कुत्रं असेल तर आजपासून हे एवढं करा.

आणि गणपतीला येणाऱ्या माझ्या भाचरांनो, तो गंमतशीर लाल लेझर मुंबईलाच ठेवून या. टायगरसमोर बॅटरीचा झोतसुद्धा जमिनीवर नाचवायचा नाही. त्याच्याशी खेळायचंच असेल तर सुकट लपवा, तो शोधून काढेल.