७० मीटर पाण्यात नांगर: माझा अनुभव

खोल पाण्यात मोठ्या जहाजाचा नांगर नुसता ब्रेक सोडून टाकता येत नाही, तो विंडलासच्या, म्हणजे नांगराची साखळी ओढणाऱ्या-सोडणाऱ्या यंत्राच्या, गिअरवर सावकाश उतरवावा लागतो. खोल पाण्यातली ही अडचण पोर्ट कंट्रोलला, म्हणजे बंदराच्या वाहतूक नियंत्रण कक्षाला, पटवताना माझा घसा कोरडा पडला. तो राग अजून गेलेला नाही.

मी ब्रिजवर, म्हणजे जहाज चालवण्याच्या कक्षात, व्हीएचएफ रेडिओ सांभाळत होतो. उथळ अँकरेज (नांगर टाकून थांबायची जागा) भरलेलं, म्हणून आम्हाला ११० मीटर खोलीची जागा मिळाली. कॅप्टननी चार्ट पाहून लगेच नकार दिला. विंडलासची ताकद सहसा नांगर आणि लटकणारी ३ शॅकल (एक शॅकल म्हणजे २७.५ मीटर) साखळी, म्हणजे ८२.५ मीटर, उचलण्याइतकीच धरलेली असते. ११० मीटरमध्ये नांगर उतरेल, पण परत वर येईलच असं नाही. मी हे कळवलं. उत्तर आलं, "इतर जहाजं तिथेच थांबतात." पुन्हा कळवलं. "स्टँडबाय." मग तासन्‌तास शांतता, आणि आम्ही भर वाहतुकीत इंजिन तयार ठेवून तरंगतोय. मधूनच विचारणा, "नांगर टाकला का?" शेवटी कॅप्टननी स्वतः व्हीएचएफ घेतला आणि विंडलासची मर्यादा आकड्यांत सांगितली, तेव्हा ७० मीटरची जागा मिळाली. म्हणून म्हणतो, ‘खोल आहे’ एवढ्यावर थांबू नका, पहिल्याच कॉलला आकडा सांगा.

आणि तिथे पोचताच घाई सुरू! पण विंडलास मिनिटाला साधारण ९ मीटरच साखळी सोडतो. तळ गाठायलाच ८ मिनिटं, आणि १० शॅकल म्हणजे २७५ मीटर सोडायला अर्धा तास. जहाजाचा जमिनीसापेक्ष वेगही त्याच मापात हवा: मिनिटाला ९ मीटर म्हणजे जेमतेम ०.३ नॉट. त्याहून वेगात मागे सरकलात तर सगळा ताण गिअरवर आणि मोटरवर. ब्रेक सोडून दिला तर नांगराबरोबर साखळीचं वजन वाढत जातं, ब्रेकचं अस्तर तापतं आणि मग साखळी थांबत नाही. २००७ साली ब्रिटनच्या टीस बेमध्ये ‘यंग लेडी’ टँकरची विंडलास मोटर खराब हवेत नांगर उचलताना फुटली आणि घसरत गेलेला नांगर समुद्रतळावरच्या गॅसवाहिनीत अडकला. आमच्या बोसननी (डेकवरच्या खलाशांच्या मुकादमांनी) गॉगल लावून, मोटरच्या रेषेबाहेर उभं राहून काम केलं, ते उगाच नव्हे.

बाकी सुरळीत झालं. साखळी पुढे ताणली गेली, मग सैल पडली, आणि चीफ ऑफिसरनी "ब्रॉट अप", म्हणजे नांगराने जहाज धरलं, असं कळवलं. जहाज नांगरलंय हे दाखवणारा काळा गोळा वर चढला. तेव्हा मला मनापासून हायसं वाटलं.

हो, एक राहिलं. जहाज धरून ठेवण्यात तळावर आडव्या पडलेल्या साखळीचा मोठा वाटा असतो. त्यामुळे नांगर तळाला टेकला म्हणून लगेच नांगरल्याची वेळ कळवू नका. "ब्रॉट अप" झाल्यावरच कळवा, पोर्ट कंट्रोल कितीही वेळा विचारो.