अडीच फुटांत बसणारा कोन

दहावीच्या त्रिकोणमितीत एक दीपगृह असतं, त्याच्यावर एक माणूस उभा असतो आणि त्याला समुद्रात जहाज दिसतं, तेही नेमकं 30, 45 नाहीतर 60 अंशांच्या अवनत कोनात, म्हणजे नजर आडव्या रेषेपासून तेवढी खाली झुकवून. 52 अंशांवर यायला जहाजांना बहुतेक बंदीच आहे. बोर्डाच्या परीक्षेत कॅल्क्युलेटर चालत नाही ना, मग तक्त्यात जेवढे कोन तेवढेच जगात, आणि शेवटी √3 = 1.73 घ्या.

खरा काटकोन त्रिकोण बघायचा तर चाळीतल्या पोटमाळ्याची शिडी बघावी. लालबागला मावशीकडे नवीन शिडी करायची होती. माळा जमिनीपासून 7 फुटांवर, आणि माळ्याच्या कडेवरून ओळंबा सोडला तर तो जिथे टेकेल तिथून शिडीचा पाय अडीच फुटांच्या पुढे येऊन चालणार नाही, कारण पुढे रात्री काकांची गादी. सुतार टेपने दोन्ही मापं घेऊन गेला, कोनाचं नाव कुणी काढलं नाही. मलाच राहवेना.

शिडीचा जमिनीशी होणारा कोन मोजायला कंपासपेटीतला कोनमापक घेऊन तिथे कोण वाकणार, त्या कोपऱ्यात सिलिंडर, त्याच्यामागे तांदळाचा डबा. पण जिथे हात पोचत नाही तो कोन दोन लांब्यांवरून घरबसल्या मिळतो, ही मला या सगळ्या प्रकरणातली सगळ्यात भारी गोष्ट वाटते. समोरची बाजू 7, लगतची 2.5, भागाकार 2.8, या भागाकारालाच त्या कोनाचा टॅन म्हणतात, आता कुठल्या कोनाचा टॅन 2.8 आहे ते उलटं विचारायचं, म्हणजे टॅन इन्व्हर्स. मोबाइल आडवा केला की ते बटण येतं. उत्तर 70 अंशांच्या किंचित वर. (1.23 आलं तर घाबरू नका, मोबाइल रेडियनमध्ये, म्हणजे कोन मोजायच्या दुसऱ्या एककात बोलतोय, डिग्रीवर आणा.) वरचा कोन तर फुकटच, 90 मधून वजा केला की 20 च्या आत. काटकोन आधीच 90 घेऊन बसलेला, उरलेल्या 90 मध्ये दोघांनी भागवायचं.

हीच शिडी 60 अंशांवर हवी असेल, म्हणजे गुडघेदुखीवाल्या माणसाला जरा बरी, तर पाय 4 फुटांवर न्यावा लागतो. दहा अंशांची किंमत दीड फूट जमीन! लालबागमध्ये!! मावशी म्हणाली, "त्यापेक्षा मी वर चढतच नाही."

तेव्हापासून मला चढ दिसला की त्याचे अंश काढायची खोड लागलीये. व्हीलचेअरच्या रॅम्पला 12 ला 1 असा उतार सांगतात, म्हणजे 12 फूट पुढे तेव्हा 1 फूट वर, तो पाच अंशांपेक्षाही कमी. आणि बोरघाट, 1863 साली सुरू झालेली रेल्वेलाइन, आजही बऱ्याच गाड्यांना कर्जतला मागून जादा इंजिनं जोडावी लागतात, तिथला चढ 37 ला 1. ऑफिसात सगळ्यांना विचारलं, किती अंश असेल, तर कुणी 15 म्हणालं, कुणी 30, एकाने तर हात तिरका करून चांगला 45 दाखवला. 1 भागिले 37, टॅन इन्व्हर्स. दीड अंश. कुणी विश्वासच ठेवेना, शेवटी प्रत्येकाने आपापला मोबाइल आडवा केला.