पौष पौर्णिमेची रात्र, तीन पुरुष पाणी

मागच्या नोंदीत विहिरीतले बारीक जीव मोजायची जाळी तयार झाली एवढंच लिहिलं होतं. आता दोन पूर्ण रात्रींचे आकडे वहीत आले आहेत: मार्गशीर्ष अमावास्या आणि पौष पौर्णिमा. पौर्णिमेच्या रात्री साडेबाराला जे मोजलं ते मला अजून पुरतं पटलेलं नाही. म्हणून सगळं नीट मांडतो, चूक कुठे असेल तर तुमच्या नजरेत यावी.

नव्याने वाचणाऱ्यांसाठी मूळ गोष्ट थोडक्यात. समुद्रात रोज संध्याकाळी दोनशे ते हजार मीटर खोलीच्या अंधारपट्ट्यातून अगणित प्राणी वर यायला निघतात: कोपेपॉड (डोळ्यांना जेमतेम दिसणारे कवचधारी जीव), कोळंबीच्या जातीचे जीव, कंदीलमासे, म्हाकूळ. रात्रभर वर चरतात आणि उजाडायच्या आत पुन्हा खाली जातात. वजनाच्या हिशेबाने पृथ्वीवर प्राण्यांचं याहून मोठं स्थलांतर नाही, आणि हे रोज होतं. दोन मिलिमीटरचा कोपेपॉड चारशे मीटर चढतो म्हणजे स्वतःच्या लांबीच्या दोन लाख पट. माणसाच्या उंचीने हिशेब केला तर कोल्हापूरहून पनवेल. जेवायला पनवेलला जायचं आणि पहाटेच्या आत रंकाळ्यावर परत यायचं, रोज.

हे वाचल्यापासून मला ते स्वतःच्या डोळ्यांनी पाहायचं होतं. मालवणच्या जेटीवरून टॉर्च मारून ते दिसणार नाही, कारण आपल्या किनाऱ्यापुढे उथळ तळ समुद्रात फार लांबपर्यंत पसरलेला आहे आणि खोल पाणी त्याच्या पलीकडे सुरू होतं. मग लक्षात आलं की हीच ये-जा गोड्या पाण्यातले बारीक जीवही करतात. फ्रेंच शास्त्रज्ञ क्युव्हिए यांनी १८१७ मध्येच डॅफ्निया नावाच्या अशाच एका जिवाबद्दल ती नोंदवली होती. समुद्रात ती जाळ्यांतून आधी दिसली होती, पण तिचा खरा आवाका कळायची सुरुवात १९४२ मध्ये झाली. अमेरिकी नौदलाच्या सोनारला (आवाजाच्या प्रतिध्वनीवरून खोली मोजणाऱ्या यंत्राला) कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यापुढे जिथे तळ नाही तिथे तळ दिसू लागला. या ‘खोट्या तळा’चं कोडं १९४५ मध्ये सागरी जीवशास्त्रज्ञ मार्टिन जॉन्सन यांनी सोडवलं. तो तळ संध्याकाळी वर सरकतो आणि सकाळी खाली जातो, म्हणजे तो जिवंत आहे, हे त्यांनी दाखवलं.

रंकाळा मी सोडून दिला. रात्री होडी मिळत नाही, काठाला केंदाळ, आणि काठावरून खोली गाठता येत नाही. त्यापेक्षा मामांची विहीर बरी. करवीर तालुक्यात, घरापासून गाडीने अर्ध्या तासावर. तोंड सोळा फूट, काठापासून पाणी बावीस फूट खाली, आणि पाणी तीन पुरुष, माझ्या दोरीने अठरा फूट. मोटेच्या वेळचे दोन दगडी खांब अजून उभे आहेत. त्यांवर आडवा बांबू टाकला की नेमकी विहिरीच्या मध्यावर दोरी सोडता येते.

सामानाबद्दल बऱ्याच जणांनी विचारलं होतं. जाळीचं कापड लग्नपत्रिका छापणाऱ्याकडून घेतलं, स्क्रीन प्रिंटिंगचं, सेंटीमीटरला त्रेचाळीस धाग्यांचं. भोक साधारण ०.१५ मिलिमीटरचं पडतं. सायक्लॉप्स म्हणजे गोड्या पाण्यातला कोपेपॉड; त्याचे मोठे जीव अडकतात, त्यांची अगदी बारकी पिल्लं निसटतात, त्यामुळे मी फक्त मोठे मोजतो. कडं म्हणून पिठाच्या जुन्या चाळणीची कड वापरली. पण जाळी नुसती ओढली तर तळापासून वरपर्यंतचं सगळं एकत्र येतं, कोण कुठे होता ते कळत नाही. म्हणून पाणी बाटलीने आणतो आणि जाळीतून गाळतो. एक लिटरची काचेची बाटली, बुडाला शिशाचं वजन, तोंडाला बूच आणि बुचाला वेगळी दोरी. बाटली हव्या त्या खोलीवर गेली की बुचाच्या दोरीला हिसका द्यायचा. बुडबुडे वर येताना ऐकू येतात, थांबले की बाटली भरली. पृष्ठभाग, आठ फूट आणि सोळा फूट, प्रत्येक ठिकाणच्या दहा बाटल्या. तीस बाटल्यांना पाऊण तास जातो. पहिल्या रात्री खांदे भरून आले, आता हात बसलाय.

टॉर्चला लाल जिलेटीन कागद लावला आहे. लाल उजेड पाण्यात सगळ्यात आधी विरतो आणि या जिवांना तो फारसा जाणवत नाही. खोल समुद्रातल्या कित्येक कोळंब्या लालभडक असतात त्याचंही कारण हेच: तिथे लाल उजेड पोचतच नाही, त्यामुळे लाल अंग काळंच दिसतं.

मोजायची पद्धत अशी. चौकटीच्या वहीचा कागद काचेच्या बशीखाली ठेवायचा, ड्रॉपरने थोडंथोडं पाणी घ्यायचं आणि त्यात चमचाभर साधा सोडा ओतायचा, गोळीवाल्या बाटलीतला चालतो. त्यातल्या वायूने जीव गुंगतात आणि स्थिर होतात. नाहीतर सायक्लॉप्स अशा उड्या मारत फिरतो की एकच तीनदा मोजला जातो.

एक मादी मी मुद्दाम सूक्ष्मदर्शकाखाली घेतली. अंग पाण्याच्या थेंबासारखं, पुढे रुंद, मागे निमुळतं. कपाळाच्या मधोमध एकच डोळा, टाचणीने कुंकू लावावं तसा. शेपटीच्या दोन्ही बाजूंना अंड्यांच्या दोन पिशव्या, कानातल्या झुब्यांसारख्या लोंबत होत्या आणि आतली गोल अंडी एकेक मोजता येत होती. काचेतून आतडं हलताना दिसत होतं, हिरवट. रात्रीचं चरणं पोटात होतं. सोड्याचा अंमल उतरला तसे आधी पाय थरथरले, मग एका झटक्यात ती नजरेबाहेर गेली.

मामांनीही डोळा लावून पाहिलं. बराच वेळ पाहत राहिले आणि म्हणाले, “नारू हुता तवा आई लुगड्याचा पदर दुमडून पानी गाळायची. त्यातला किडा ह्योच व्हय?” हाच. नारूच्या जंताची पिल्लं याच्याच पोटात वाढायची, आणि पायऱ्यांच्या विहिरीवर लोक पाण्यात उतरायचे म्हणून फेरा चालू राहायचा. देशातला शेवटचा रुग्ण १९९६ मध्ये सापडला आणि २००० मध्ये भारत नारूमुक्त जाहीर झाला. घरोघरी कापडाने पाणी गाळणं हा त्या कामातला मोठा वाटा होता. माझी चाळणी आणि आजीचा पदर एकाच जिवासाठी विणलेत हे त्या रात्री पहिल्यांदा जाणवलं.

आता अमावास्येचे आकडे, दहा लिटरमधले, पृष्ठभागाचे. दुपारी चारला ११. संध्याकाळी सातला ६४. नऊला १४८. साडेबाराला १३१, तीनला १२०, पहाटे साडेपाचला ९०. सकाळी साडेसातला २३. सोळा फुटांवर याच्या बरोबर उलट, दुपारी गर्दी आणि रात्री शुकशुकाट. पहिल्याच पूर्ण रात्री इतकं स्वच्छ चित्र येईल असं वाटलं नव्हतं. नऊच्या बाटल्या मोजताना हात थरथरत होते आणि थंडी तेवढी नव्हती.

तळाला टेकवून एक बाटली आणली, तिला कुजक्या अंड्याचा वास होता आणि आत जवळपास काही नव्हतं. तळाच्या साठलेल्या पाण्यात प्राणवायू संपला असणार. इथे अरबी समुद्राची आठवण येते. आपल्या या समुद्रात साधारण दीडशे ते हजार मीटरच्या दरम्यान प्राणवायू फारच कमी आहे, जगातल्या अशा सगळ्यात जाड पट्ट्यांपैकी तो एक. बहुतेक मासे तिथे तगत नाहीत, पण कंदीलमासे दिवस त्यातच काढतात, कारण त्यांना खाणारे मोठे मासे तिथे मागे येत नाहीत. रात्री ते वर येतात आणि त्यांच्या मागावर जांभळ्या पाठीचे म्हाकूळही वर येतात. कंदीलमाशांच्या पोटावर उजेडाचे ठिपके असतात. वरून जेवढा उजेड झिरपतो तेवढाच उजेड ते खाली सोडतात, म्हणजे खालून पाहणाऱ्याला सावली दिसू नये. माझ्या विहिरीतल्या सायक्लॉप्सना तळाचा तो आसरा मानवत नसावा, ते त्याच्या थोडं वरच थांबतात.

आता पौर्णिमा. एरवी सगळ्यांना माहीत असलेली गोष्ट मला विहिरीवर उभं राहून कळली. हिवाळ्यात सूर्य दक्षिणेला कललेला असतो, त्यामुळे भर दुपारीही ऊन या विहिरीच्या पाण्याला लागत नाही, भिंतीवरच राहतं. पौर्णिमेचा चंद्र मात्र सूर्याच्या समोरच्या बाजूला, म्हणजे पौषात तो मध्यरात्री जवळजवळ डोक्यावर येतो. अकराच्या सुमारास चांदणं पश्चिमेच्या भिंतीवरून उतरत पाण्याच्या कडेला लागलं. साडेबाराला पाणी जवळपास पूर्ण उजळलं होतं, वरून दगडांच्या कपारीतली नेचे मोजता येत होती. आणि अडीचनंतर पूर्वेच्या भिंतीवर चढत चांदणं निघून गेलं.

पृष्ठभागावरचे आकडे: नऊला १२६. साडेबाराला ४७. तीनला १०९.

साडेबाराच्या बाटल्या मी पुन्हा काढल्या. ५२ आले. आठ फुटांवरचा आकडा त्याच वेळी वाढला होता, म्हणजे ते मेले नव्हते किंवा कडेला गेले नव्हते, खाली सरकले होते. मामा खांबाला टेकून बसले होते, म्हणाले, “एवढ्याशा चिलटागत जिवाला चांदणं कळतं व्हय रं?” मला उत्तर देता आलं नाही, नुसता आकडा दाखवला.

समुद्रात हे होतं. उत्तर ध्रुवाजवळ हिवाळ्यात सूर्य उगवतच नाही, तरीही पौर्णिमेच्या सुमारास तिथले प्लवक, म्हणजे पाण्यात तरंगणारे बारीक जीव, पृष्ठभागावरून साधारण पन्नास मीटर खाली जातात. त्यांची ये-जा तेव्हा चंद्राच्या वेळापत्रकाने चालते. २०१६ मध्ये हा अभ्यास प्रसिद्ध झाला. पण अठरा फूट पाण्यात तेच दिसतंय असं म्हणायची घाई मी करणार नाही. मध्यरात्री पोट भरलं की काही प्लवक आपोआप थोडे खाली उतरतात, चंद्राचा संबंध नसतानाही. अमावास्येला तसा उतार दिसला नव्हता, हे माझ्या बाजूने. एकच पौर्णिमा मोजली आहे, हे माझ्या विरुद्ध.

दुसऱ्या रात्री, वद्य प्रतिपदेला, पुन्हा मोजायचं ठरवलं होतं. त्या दिवसापासून शेतीची लाईट रात्रीची झाली. दहाला मोटर सुरू झाली, पाणी खाली जायला लागलं आणि तळाचा गाळ ढवळून वर आला. ऊस पाण्याला आला होता, मोटर बंद ठेवा म्हणायचा प्रश्नच नव्हता. त्या रात्रीचे आकडे मी वहीत ठेवले आहेत, पण हिशेबात धरणार नाही.

खाली का जातात, याचं एक उत्तर विहिरीतच पोहतंय. डासांसाठी सोडलेले गप्पी मासे. ते डोळ्यांनी शिकार करतात आणि पृष्ठभागाजवळ फिरतात. उजेडात वर राहिलेला सायक्लॉप्स त्यांना दिसतो, अंधारात दिसत नाही. समुद्रातल्या एवढ्या मोठ्या स्थलांतराचं मुख्य कारणही हेच मानतात: खाणं वर आहे आणि खाणाऱ्यांना उजेड लागतो. डॅफ्नियाला तर पाण्यात उतरलेल्या माशांच्या नुसत्या वासावरून कळतं आणि ते जास्त खोल जातात. मग गप्पी नसलेल्या विहिरीत चांदण्याची भीती कमी दिसायला हवी. हे तपासता येईल.

मधल्या काळात घरी एक छोटं काम केलं. बाजारातून पावशेर सुका जवळा आणला, त्यातले दहा-बारा कोमट पाण्यात भिजवले आणि सूक्ष्मदर्शकाखाली घेतले. जवळा किनाऱ्याजवळचा, पण ज्या कुळातला तो आहे त्या कुळातल्या कित्येक जाती खोल समुद्रात राहतात आणि रोज रात्री वर येतात. देठावरचे काळे डोळे सुकूनही शाबूत होते, भिजल्यावर टपोरे झाले. अंगाच्या मानाने केवढे मोठे डोळे. बाकीचा जवळा आईने कांदा घालून परतला.

पुढचं वेळापत्रक. माघ पौर्णिमेचा आठवडा, लाईटची पाळी पाहता, दिवसाचा येतो. त्या रात्री नऊ, साडेअकरा, साडेबारा, दीड आणि तीन अशा पाच वेळा मोजणार. पृष्ठभागाजवळ एक फूट आणि चार फूट असे दोन थर वाढवतोय, कारण साडेबाराचे जीव नेमके किती खाली गेले ते आठ फुटांच्या अंतरात कळत नाही. पारदर्शकता पाहायला स्टीलच्या ताटलीला पांढरा रंग दिलाय. इटलीचे सेक्की १८६५ मध्ये समुद्रात पांढरी तबकडी सोडून जे मोजत होते तेच मी विहिरीत मोजणार: ताटली किती फुटांवर दिसेनाशी होते, दिवसा आणि चांदण्यात.

आणि मामांनी बांधापलीकडच्या भाऊबंदांना विचारून ठेवलंय. त्यांची विहीर वीस वर्षं पडीक आहे, मोटर नाही, गप्पी नाहीत. कडेला बाभळ वाढलीय, तेवढी तोडावी लागेल, नाहीतर चंद्र आत यायचा नाही. रविवारी कोयता घेऊन जातोय.