गावात ‘अ ड्रंकर्ड्स रिफॉर्मेशन’ दाखवायचा असेल तर

बाटली आडवी करायची चर्चा गावात सुरू झाली, की दाखवायला डी. डब्ल्यू. ग्रिफिथचा हा 1909 चा मूकपट कामाचा आहे. एकाच रिळाचा. नवरा पिऊन घरात धिंगाणा घालतो. पुढं लेकीला घेऊन नाटकाला जातो आणि तिथं रंगमंचावर दारूनं वाया गेलेला गडी बघतो. घडीत रंगमंच, घडीत बापाचा चेहरा. सिनेमाचा सगळा जीव या आलटून-पालटून दिसण्यात आहे.

वेग चुकला की तो जीव जातो. तेव्हा कॅमेरा हातानं फिरवत, सेकंदाला साधारण 16 चौकटी, म्हणजे फ्रेम. तेच 24 नं चालवलं की बाप तुरुतुरु पळतो, पोरं खिदळतात, आणि एकदा हशा पिकला की पुढं कोणी गंभीर होत नाही. हजार फुटी रीळ 16 नं साडेसोळा मिनिटं चालतं, 24 नं अकरा. तुमची फाईल अकराच्या आसपास भरत असेल तर प्लेअरचा वेग 0.67 करा. पंधराच्या आसपास असेल तर हात लावू नका.

मे महिन्यात साडेसातच्या आत सुरू करू नये. शेवटचं दृश्य शेकोटीच्या उजेडातलं आहे, अंधार पुरता पडला नसेल तर पडद्यावर नुसता काळा डाग दिसतो. पडदा मांजरपाटाचा, दुहेरी. खालच्या शिवणीत बांबू घाला, नाहीतर वाऱ्यानं चेहरे वाकडे होतात. जनरेटर देवळामागं ठेवा. मूकपटात त्याची घरघर फार टोचते.

दृश्यांच्या मधे इंग्रजी मजकुराच्या पाट्या असतील तर मराठी करून भारूड म्हणणाऱ्या बाईकडं द्या. नाथांच्या मुलखात असा आवाज शोधावा लागत नाही. पाटीपुरतंच बोलायचं, चेहऱ्यावर निवेदन नको. संबळ वाजवायचाच तर नाटकाच्या प्रसंगापुरता.

सिनेमातला बाप एका रात्रीत दारू सोडतो, आणि हीच त्यातली धोक्याची जागा. रोज भरपूर पिणाऱ्यानं एकदम सोडली तर पहिल्या दिवसातच हात थरथरतात, फिट येऊ शकते. दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी भास होऊन माणूस बरळायला लागतो. घरचे बाहेरचं समजून देवऋष्याकडं नेतात, आणि उपचाराविना यात जीवही जातो. म्हणून सिनेमा संपल्यावर कोणाला माळेची शपथ घालू नका. माईकवरून जिल्हा रुग्णालयाच्या मानसोपचार विभागाचे दिवस आणि वेळ सांगा, टेलि-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा 14416 हा नंबर दोनदा सांगा, आणि पडद्याशेजारी खडूनं मोठा लिहून ठेवा.