आमची वाटचाल: कोब्यापासून 50 एमएमपर्यंत

अकोल्यात 2009 साली आम्ही गच्चीच्या वॉटरप्रूफिंगची कामं घ्यायला लागलो. गळती थांबवायची, कोबा घालायचा, एवढाच धंदा. पण मे महिन्यात गिऱ्हाईक भेटलं की हमखास म्हणायचं, "भाऊ, गळनं तं थांबलं, पन रात्री अकरा वाजताही स्लॅब तव्यावानी तापून रायते, त्याचं काय?"

उत्तर आमच्याकडे नव्हतं. चार इंच कोबा उष्णता अडवतो ती जेमतेम चार एमएम जाडीच्या एक्सपीएस (उष्णता अडवणारा दाट, कडक फोम) शीटएवढी, हे कळल्यावर आम्ही शीटच्या कामात उतरलो.

तेव्हा वाटायचं, जाड तेवढं चांगलं. एका घरावर हौसेने 100 एमएम बसवली, वर स्क्रीड (सिमेंट-वाळूचा थर) आणि फरशी. गच्ची जवळजवळ सात इंच उचलली गेली आणि जिन्याच्या दाराचा उंबरठा फरशीखाली गेला. जुलैच्या पहिल्या झडीत पाणी पायऱ्या उतरून थेट हॉलमध्ये. काकू पोतं पिळून पिळून बादली भरत होत्या, ते अजून डोळ्यांपुढून जात नाही. चूक सर्वस्वी आमची होती. पदरच्या पैशाने दार वर घेतलं, उंबरठा नव्याने बांधला.

त्यानंतर मात्र हिशेब मांडायला शिकलो. सहा इंची उघड्या स्लॅबमधून 100 भाग उष्णता आत येते असं धरा. 25 एमएम एक्सपीएस टाकली की साधारण 27 भाग उरतात, 50 ला 15, 100 ला 8. पहिला इंच जेवढं कमावतो, तेवढं पुढचे तीन मिळूनही कमावत नाहीत. 2018 च्या इको निवास संहितेत, म्हणजे घरांच्या ऊर्जाबचतीच्या सरकारी नियमावलीत, छताची यू-व्हॅल्यू (उष्णता किती सहज आत शिरते त्याचा आकडा, कमी तेवढा चांगला) जास्तीत जास्त 1.2 हवी, 25 एमएममध्येही ती सहज बसते. तरी वरच्या मजल्यावर झोपणाऱ्यांना आम्ही 50 च सांगतो. वऱ्हाडातलं ऊन 45 अंशांच्या वर जातं, तिथे हा दुसरा इंच रात्रीच्या झोपेसाठी आहे.

आणि 50 म्हणजे 25 च्या दोन शीट, खालचा सांधा वरच्या शीटच्या मधोमध. शीट स्लॅबच्या वरच हवी; आतून लावली तर स्लॅब दिवसभर तापतच राहतो. उघडीही ठेवू नका, उन्हाने ती पिवळी पडून भुगा होते.

आता भाव सांगण्याआधी टेप लागते ती जिन्याच्या दाराशी. उंबरठा सहा इंचांपेक्षा कमी भरला, तर आधी गवंडी, मग शीट.